कचरावेचक कामगार व त्यांचे सहकारी संघटन, मुंबई उपनगरांतील

शहरातील घरे, दुकाने, कार्यालये व कारखाने यांतून टाकून दिलेल्या पदार्थांमधून कागद, पुठ्ठा, काच, पत्रा, प्लॅस्टिक, चिंध्या इ. पुनरुपयोगी वस्तू वेचून, निवडून व विकून उपजीविका करणाऱ्या श्रमिकांना कचरावेचक असे म्हणतात. महानगरपालिकेच्या सेवेतील सफाई कामगारांहून हा वर्ग भिन्न आहे. त्याला वेतन, रजा, भविष्य निर्वाह निधी वा निवृत्तिवेतन मिळत नाही. कायद्याच्या अर्थाने त्याला मालकही नसतो. तथापि कागद, प्लॅस्टिक व धातू यांच्या अनेक कारखान्यांना लागणाऱ्या दुय्यम कच्च्या मालाचा मोठा भाग याच वर्गाच्या हातून येतो. मुंबईच्या उपनगरांत, विशेषतः देवनार, गोवंडी, चेंबूर, घाटकोपर व मुलुंड या पट्ट्यात, विसाव्या शतकाच्या अखेरीस या श्रमिकांचे जे संघटन उभे राहिले, त्यात श्रमाचा मोबदला, उत्पादनसाधनांवरील हक्क आणि पर्यावरणाचे रक्षण हे तीन प्रश्न एकत्र आले. म्हणूनच कामगार चळवळीच्या इतिहासात त्याला स्वतंत्र स्थान आहे.

ऐतिहासिक पार्श्वभूमी : मुंबई बेटावरील सखल जागा भरून काढण्यासाठी एकोणिसाव्या शतकात शहराच्या कचऱ्याचा उपयोग होत असे. १८९६ मध्ये शहरात प्लेगची साथ उद्‌भवली आणि वस्तीजवळ कचरा साठविणे धोक्याचे मानले जाऊ लागले. त्यानंतर नगरपालिकेने साष्टीतील देवनारच्या दलदलीची जागा घेतली व तेथे रेल्वेने कचरा नेण्यास प्रारंभ केला. त्या काळी ही जागा शहराच्या सीमेबाहेर होती. १९२० मध्ये मुंबई उपनगर जिल्हा अस्तित्वात आला. पुढे १९५० व १९५७ मधील सीमाविस्तारांनी अंधेरी, घाटकोपर, बोरिवली, मुलुंड इ. उपनगरे बृहन्मुंबईत समाविष्ट झाली. शहराने आपल्या सीमेबाहेर टाकलेला कचरा अशा रीतीने शहराच्याच सीमेत आला. पुढील काळात मुलुंड येथे आणि १९७२ पासून बोरिवलीजवळच्या गोराई खाडीच्या काठी नवी क्षेपणस्थळे सुरू झाली. या तिन्ही जागा खाडीलगतच्या, खारफुटीच्या व मिठागरांच्या परिसरातील होत्या.

१९७० ते १९७३ या वर्षांतील, त्यांतही विशेषतः १९७२ च्या, दुष्काळात मराठवाडा व लगतच्या जिल्ह्यांतून अनेक भूमिहीन कुटुंबे मुंबईत आली. त्यांत दलित कुटुंबांचे प्रमाण मोठे होते. शिक्षण, भांडवल वा ओळखदेख यांपैकी काहीही नसलेल्या स्त्रियांना कचरा वेचण्याचे काम तत्काळ मिळू शकले. कारण त्यास कोणाची शिफारस लागत नव्हती. त्याच दशकात शहराच्या इतर भागांतून हलविलेल्या झोपडीवासीयांची वस्ती देवनारच्या क्षेपणभूमीलगत, शिवाजीनगरच्या परिसरात झाली. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या गिरणी संपानंतर कापडगिरण्यांतील रोजगार झपाट्याने घटला. कायम नोकरी व मान्यताप्राप्त संघटना हे मुंबईच्या कामगार जीवनाचे जे दोन आधार होते, ते दोन्ही त्यामुळे दुबळे झाले आणि असंघटित श्रमाचा विस्तार वाढत गेला.

व्यवसायाची रचना : कचरावेचक हा एका लांब साखळीचा पहिला दुवा असतो. तो वेचलेला माल वस्तीतील भंगारवाल्यास विकतो. भंगारवाला तो प्रकारांनुसार वेगळा करून घाऊक व्यापाऱ्यास देतो आणि त्याच्याकडून तो धारावीतील वा शहराबाहेरील कारखान्यांकडे जातो. प्रत्येक पायरीवर मालाची किंमत वाढते. वाढीचा सर्वांत लहान वाटा मात्र तळाशी राहतो. कचरावेचक स्त्री अडीनडीला भंगारवाल्याकडून उचल घेते व त्याबदली आपला माल त्यालाच विकण्यास बांधली जाते. दर ठरविणे व वजन करणे ही दोन्ही कामे खरेदीदाराच्याच हाती असतात. साठवणुकीस जागा नसल्याने तिला माल रोजच्या रोज विकावा लागतो व भाववाढीची वाट पाहता येत नाही. २००८ च्या जागतिक मंदीत भंगाराचे भाव कोसळले, तेव्हा त्याची झळ या तळच्या दुव्याला सर्वाधिक बसली. काच व पत्रा लागून होणाऱ्या जखमा, श्वसनाचे विकार, क्षयरोग आणि क्षेपणभूमीवरील वाहनांखाली सापडण्याचा धोका हे या व्यवसायातील नित्याचे अपघात व आजार होत.

मालकीचा प्रश्न : मुंबई महानगरपालिका अधिनियम, १८८८ अन्वये महानगरपालिकेने गोळा केलेला केरकचरा तिच्या मालकीचा ठरतो. सार्वजनिक आरोग्याची जबाबदारी निश्चित व्हावी, हा त्या तरतुदीमागील हेतू होता. कचरा निरुपयोगी मानला जात होता, तोवर या मालकीस आर्थिक अर्थ नव्हता. पुनर्चक्रीकरणाचा उद्योग वाढला, तसा तोच कचरा कच्चा माल झाला व त्यावर हक्क कोणाचा, हा वाद उत्पन्न झाला. खेड्यातील गायरान वा जंगल यांच्यावर उपजीविका करणाऱ्या भूमिहीनांची जी स्थिती, तीच शहरातील कचऱ्यावर जगणाऱ्यांची होते: वापर परंपरेने चालत आलेला, परंतु हक्काची नोंद कोठेही नाही. कंत्राटदारास वाहतुकीचे वा प्रक्रियेचे काम देताना कचराही त्याच्या स्वाधीन होतो आणि वेचकास अतिक्रमण करणारा ठरविले जाते.

संघटनाचा प्रारंभ : १९७५ या आंतरराष्ट्रीय महिला वर्षी मुंबईत स्थापन झालेल्या स्त्री मुक्ती संघटनेने १९९० च्या दशकाच्या अखेरीस कचरावेचक स्त्रियांसाठी ‘परिसर विकास’ हा उपक्रम हाती घेतला. ज्योती म्हापसेकर या संघटनेच्या प्रमुख कार्यकर्त्या होत. ओळखपत्रे देणे, बचत गट स्थापणे, मुलांच्या शिक्षणाची सोय करणे व कचऱ्याच्या वर्गीकरणाचे प्रशिक्षण देणे ही या उपक्रमाची आरंभीची कामे होती. ओळखपत्राचे महत्त्व वरवर दिसते त्याहून अधिक आहे. पोलीस व रखवालदार यांच्याकडून होणारा चोरीचा आरोप त्यामुळे टळतो आणि गृहसंकुलाच्या आवारात प्रवेश मिळतो. बचत गटांमुळे उचलीवरील अवलंबन कमी झाले. पुढे या स्त्रियांच्या सहकारी संस्था व परिसर भगिनी विकास संघ हा त्यांचा संघ स्थापन झाला. वसाहतींतील ओला कचरा जागेवरच जिरविणे, खतखड्ड्यांची देखभाल करणे व सुका कचरा एकत्र विकणे अशी कामे त्यांनी सेवामूल्य घेऊन केली. क्षेपणभूमीवरील उन्हापावसात वेचण्याऐवजी कचरा निर्माण होतो तेथेच त्याचे वर्गीकरण करणे, हा या बदलाचा गाभा होता.

याच सुमारास नागरिकांच्या बाजूनेही प्रयत्न चालू होते. घाटकोपर येथील जोशी लेनच्या रहिवाशांच्या उपक्रमापासून महानगरपालिकेने १९९७ च्या सुमारास प्रगत परिसर व्यवस्थापनाची योजना आखली. ट्रॉम्बे येथील भाभा अणुसंशोधन केंद्रात शरद काळे यांनी ‘निसर्गऋण’ हे जैववायू संयंत्र विकसित केले. त्यात ओला कचरा प्रथम हवेच्या सान्निध्यात उष्णताप्रिय जंतूंकडून कुजविला जातो व नंतर हवाविरहित टाकीत त्यापासून ज्वलनशील वायू आणि खत मिळते. अशी संयंत्रे चालविण्याचे प्रशिक्षण परिसर विकास उपक्रमातील स्त्रियांना देण्यात आले. अक्षरओळख नसलेल्या वेचक स्त्रीचे यंत्रचालक होणे, ही या चळवळीची महत्त्वाची फलश्रुती मानली जाते.

कायदेशीर मान्यता : अल्मित्रा पटेल यांनी १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयात दाखल केलेल्या जनहित याचिकेतून २००० मध्ये नागरी घनकचऱ्यासंबंधीचे केंद्रीय नियम निघाले. २०१६ च्या घनकचरा व्यवस्थापन नियमांनी कचरावेचकाची व्याख्या केली व त्यांची नोंदणी करून त्यांना व्यवस्थेत सामावून घेण्याचे कर्तव्य स्थानिक संस्थांवर सोपविले. कंत्राटी सफाई कामगारांचा लढा याला समांतर चालला. कचरा वाहतूक श्रमिक संघाच्या प्रकरणात ७ एप्रिल २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने मुंबईतील २,७०० कंत्राटी कामगारांना कायम करण्याचा निवाडा उचलून धरला. या दोन लढ्यांचे मार्ग भिन्न होते: एकाने मालक निश्चित करून घेतला, तर दुसऱ्याने मालकाविना हक्क मागितला.

तुलनात्मक विचार : कामगारांनीच उद्योग चालवावा, ही कल्पना उपनगरांत नवी नव्हती. कुर्ला येथील कमानी ट्यूब्ज हा तांबे-पितळेच्या नळ्यांचा कारखाना १९८५ मध्ये बंद पडला. दत्ता इस्वलकर यांच्यासारखे कार्यकर्ते गिरणगावात बंद गिरण्यांच्या कामगारांचे प्रश्न हाती घेत होते, त्याच काळात कुर्ल्यात कामगार संघटनेने सहकारी संस्थेमार्फत कारखाना घेण्याची योजना मांडली. औद्योगिक व वित्तीय पुनर्रचना मंडळाने तिला संमती दिली, १९८८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती मान्य केली आणि १९८९ मध्ये उत्पादन पुन्हा सुरू झाले. डी. थंकप्पन हे या संघटनेचे नेते होते. प्रारंभीच्या यशानंतर १९९० च्या दशकात खेळत्या भांडवलाच्या टंचाईमुळे हा प्रयोग अडचणीत आला. यंत्रे कामगारांच्या हाती आली, तरी पतपुरवठा व बाजारपेठ त्यांच्या हाती नव्हती. कचरावेचकांच्या सहकारी संस्थांपुढील अडचण याच जातीची आहे. त्यांना यंत्रे थोडी लागतात. परंतु साठवणुकीची जागा, वाहतूक आणि कचऱ्यापर्यंत पोहोचण्याचा हक्क यांवाचून त्या टिकू शकत नाहीत, आणि शहरात जागेचे मोल सर्वाधिक असते.

पुणे येथे बाबा आढाव यांच्या पुढाकाराने १९९३ मध्ये कागद-काच-पत्रा कष्टकरी पंचायत स्थापन झाली. तिच्यातून निघालेल्या ‘स्वच्छ’ या कचरावेचकांच्याच मालकीच्या सहकारी संस्थेशी पुणे महानगरपालिकेने २००८ मध्ये दारोदार कचरा गोळा करण्याचा करार केला. ब्राझीलमध्ये बेलो होरिझोंते शहरातील वेचकांची ‘आस्मारे’ ही संस्था १९९० मध्ये निघाली व २००२ मध्ये तेथील शासनाने हा व्यवसाय अधिकृत व्यवसायांच्या सूचीत घेतला. कोलंबियात बोगोता येथील वेचकांनी घटनात्मक न्यायालयातून सेवेचा मोबदला मिळविण्याचा हक्क संपादन केला. मुंबईत मात्र संपूर्ण शहरासाठी असा करार झाला नाही. येथील संस्थांची कामे वसाहत व विभाग यांच्या पातळीवर राहिली.

पर्यावरणीय महत्त्व : निरुपयोगी ॲल्युमिनियम वितळवून पुन्हा वापरण्यास खनिजापासून ते मिळविण्याच्या तुलनेत सु. ५ टक्केच ऊर्जा लागते. कागद, काच व प्लॅस्टिक यांतही ऊर्जेची कमी-अधिक बचत होते. ओला कचरा ढिगात दडपला गेला की त्यापासून मिथेन वायू तयार होतो. हा वायू तापमानवाढीस कारणीभूत आहे व आगींनाही निमित्त होतो. जानेवारी २०१६ च्या अखेरीस देवनार येथे लागलेल्या आगीचा धूर उपग्रहांच्या छायाचित्रांत दिसला होता. त्यानंतर क्षेपणभूमीवरील पहारा वाढविण्यात आला व वेचकांना मज्जाव झाला. गोराईचे क्षेपणस्थळ २००७ मध्ये व मुलुंडचे २०१८ मध्ये बंद झाले. आरोग्याच्या दृष्टीने हे निर्णय आवश्यक होते. परंतु त्यांमुळे ज्यांची उपजीविका गेली, त्यांच्यासाठी पुरेशी पर्यायी व्यवस्था त्यांबरोबर उभी राहिली नाही. २०२० मध्ये देवनार येथे प्रतिदिन ६०० टन कचरा जाळून वीज निर्माण करण्याच्या प्रकल्पाचे कंत्राट देण्यात आले. अशा प्रकल्पास सुका व ज्वलनशील माल लागतो; म्हणजे कागद व प्लॅस्टिक, जो वेचकाच्या टोपलीतील मुख्य माल आहे. एकच वस्तू जाळावी की पुन्हा वापरावी, हा प्रश्न त्यामुळे तांत्रिक राहत नाही. तो कोणाच्या पोटाचा, हेही पाहावे लागते.

मूल्यमापन : सहकाराने कचरावेचक स्त्रियांना ओळख, बचत व वाटाघाटीचे सामर्थ्य दिले. तथापि त्याच्या मर्यादाही स्पष्ट आहेत. संघटित झालेल्या स्त्रिया एकूण वेचकांच्या मानाने थोड्या आहेत. सहकारी संस्था महानगरपालिकेची स्वस्त कंत्राटदार होऊन बसण्याचा धोका असतो, आणि कंत्राटदारही कधी कधी संस्थेचे रूप घेऊन कामगार कायद्यांना बगल देतो. शिवाय, हे काम पिढ्यान्‌पिढ्या विशिष्ट जातींच्याच वाट्याला आले आहे. त्याला प्रतिष्ठा मिळवून देणे आणि त्यातून पुढच्या पिढीची सुटका करणे, या दोन उद्दिष्टांत काहीसा ताण आहे. चळवळीने मुलांच्या शिक्षणावर भर दिला, तो याच जाणिवेतून. सेवेचा नियमित मोबदला, कचऱ्यावरील सामूहिक हक्क व वर्गीकरणासाठी विभागवार जागा या तीन गोष्टी मिळाल्यास हा व्यवसाय शहराच्या रचनेचा मान्य घटक होऊ शकेल. त्या न मिळाल्यास यंत्रे व कंत्राटे यांच्या वाढीबरोबर तो नाहीसा होईल, आणि त्याच्याबरोबर आजवर विनामूल्य होत आलेले पर्यावरणरक्षणाचे एक मोठे कामही थांबेल.