हरवलेली राजधानी आणि धाम नदी

कॅनकूनची ती लाँग वीकेंडवाली ट्रिप तुम्ही केली नसेल, तरी तुमच्या टीममधल्या कोणीतरी नक्की केलेली असते. अमेरिकेत ऑनसाईट गेलेल्या मराठी पोरांचं ते एक ठरलेलं तीर्थक्षेत्रच आहे. सकाळी हॉटेलच्या दारात बस येते. गाईड चिचेन इत्झाला नेतो, कुकुल्कानच्या पिरॅमिडसमोर फोटो काढून होतात आणि दुपारी बस एका सेनोटेवर थांबते. सेनोटे म्हणजे चुनखडीचं छत कोसळून तयार झालेला, निळ्याशार पाण्याचा खोल डोह. आधी शॉवर घ्यायचा (सनस्क्रीन फासून पाण्यात उतरायचं नाही), लाईफ जॅकेट चढवायचं आणि धप्प! एका तिकिटात इतिहास पण झाला आणि पोहणं पण.

आता हेच कॉम्बिनेशन वर्धा जिल्ह्यात आहे असं मी म्हटलं तर तुम्ही हसाल. हसा. वर्धा म्हटलं की सेवाग्राम, खादी आणि मे महिन्यातलं पंचेचाळीसच्या घरातलं ऊन, एवढंच आपल्या डोळ्यांसमोर येतं. पण नागपूरहून वर्ध्याला जाताना, वर्धा अगदी आठ-नऊ किलोमीटरवर आलं की पवनार लागतं. धाम नदीच्या काठचं गाव. पाचव्या शतकात इथे वाकाटकांची राजधानी प्रवरपूर होती, असं मानतात. "होती" न म्हणता "मानतात" म्हटलंय ते मुद्दाम. त्याबद्दल पुढे सांगतो.

आधी पाण्याबद्दल. पॅकेज टूरमध्ये इतिहास सकाळी असतो आणि पाणी दुपारी, म्हणून आपल्याला त्या दोन वेगळ्या गोष्टी वाटतात. खरं तर पाणी आहे म्हणून तो इतिहास तिथे आहे. उत्तर युकातानमध्ये जमिनीवरून वाहणाऱ्या नद्या जवळजवळ नाहीतच. पाऊस पडतो आणि चुनखडीतून थेट खाली मुरतो. मग माणसांनी राहायचं कुठे? तर जिथे जमीन कोसळून खालचं पाणी उघडं पडलंय तिथे. चिचेन इत्झा या नावाचा अर्थच मुळी "इत्झांच्या विहिरीच्या तोंडाशी" असा होतो. तिथला जो मोठा पवित्र सेनोटे आहे, त्यात पोहू देत नाहीत. टूरवाले पोहायला जवळच्या दुसऱ्या सेनोटेवर नेतात. त्या पवित्र डोहातून एडवर्ड थॉम्पसन नावाच्या अमेरिकन माणसाने १९०४ पासून गाळ उपसायला घेतला, तेव्हा सोनं, जेड, धूप आणि माणसांची हाडं वर आली. पिण्याचं पाणी आणि देवाचं पाणी या तिथे फार लांबच्या गोष्टी नव्हत्या.

आता एक गंमत बघा. युकातानच्या या सेनोट्यांपैकी बऱ्याच जणांची नकाशावर एक कमान बनते. ती कमान म्हणजे सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी आदळलेल्या लघुग्रहाच्या चिक्शुलूब विवराची कड. डायनोसॉर संपवणारा, तोच तो. आणि साधारण त्याच काळात इकडे आपल्या दख्खनमध्ये लाव्हाचे थरावर थर साचत होते. सह्याद्रीपासून वर्ध्यापर्यंत पसरलेला काळा पाषाण तो हाच. धामेच्या पात्रातले खडक पायाखाली येतात तेव्हा तुम्ही त्याच भयंकर काळाच्या दुसऱ्या टोकावर उभे असता. फक्त बेसाल्ट काही चुनखडीसारखा पाण्यात विरघळत नाही. त्यामुळे आपल्याकडे सेनोटे नाहीत. आपल्याकडे पाणी भेगांमध्ये अडकतं, विहिरीला लागलं तर लागतं. विदर्भाच्या उन्हाळ्यात बारमाही डोह असलेल्या नदीची किंमत काय असेल याचा अंदाज करा. ती नदी जिथे वळण घेऊन एका उंचवट्याला कवेत घेते, तिथे गाव बसणारच. अकबराच्या काळातल्या 'आइन-ए-अकबरी'त पवनारच्या किल्ल्याचा उल्लेख आहे आणि तिथेही हेच सांगितलंय, की किल्ला उंचावर आहे आणि तीन बाजूंनी पाण्याचे प्रवाह आहेत.

म्हणजे अकबराच्या वेळी पवनार महत्त्वाचं होतं. पण आपल्याला त्याच्या अकराशे वर्षं मागे जायचंय.

वाकाटक म्हणजे शाळेच्या पुस्तकात गुप्तांच्या धड्याखाली एका परिच्छेदात संपलेलं घराणं. त्यांच्या वत्सगुल्म (आजचं वाशीम) शाखेच्या वराहदेव नावाच्या मंत्र्याने अजिंठ्याचं १६ नंबरचं लेणं कोरवून घेतलं, एवढं सांगितलं तरी त्यांची पत कळेल. दुसरी शाखा नंदिवर्धनची, म्हणजे रामटेकजवळच्या नगरधनची. या शाखेत इसवी सन ४०० च्या आसपास एक बाई राज्य चालवत होती. प्रभावतीगुप्ता. दुसऱ्या चंद्रगुप्ताची मुलगी, वाकाटकांची सून. नवरा रुद्रसेन लवकर गेला, मुलं लहान, म्हणून कारभार हिच्या हातात आला. तिच्या ताम्रपटात वंशावळ सुरू होते ती माहेरची, गुप्तांची. सासरचे नंतर. (पाचव्या शतकातल्या बाईने हे केलंय, लक्षात घ्या.) हा ताम्रपट मिळाला पुण्यात! तो नंदिवर्धनहून दिलेला आहे.

तिचा मुलगा दुसरा प्रवरसेन. याच्या काळात राजधानी नंदिवर्धनहून प्रवरपूरला हलली. हे कसं कळलं? कुठल्याही बखरीत नाही, कुठल्याही प्रवासवर्णनात नाही. ते कळलं ताम्रपटांवरून. आमच्या धंद्यातल्या लोकांना हे लगेच समजेल. सर्व्हर कधी बदलला हे कोणी लिहून ठेवलेलं नसतं, पण लॉग फाईलमध्ये प्रत्येक ओळीवर टाईमस्टॅम्प असतो आणि मशीनचं नाव असतं. ताम्रपटाचंही तसंच. वाकाटकांच्या ताम्रपटांवर राजाचं राज्यवर्ष असतं आणि दान कुठून दिलं ते ठिकाण असतं. वर्धा जिल्ह्यातच हिंगणघाटजवळच्या जांबला मिळालेला प्रवरसेनाचा ताम्रपट राज्यवर्ष २ चा आहे, ठिकाण नंदिवर्धन. अमरावती जिल्ह्यातल्या चम्मकचा ताम्रपट राज्यवर्ष १८ चा, ठिकाण प्रवरपूर. म्हणजे मधल्या काळात कधीतरी राजधानी हलली. संपलं!

या चम्मकच्या ताम्रपटाबद्दल सांगितल्याशिवाय राहवत नाही. मधुनदीच्या काठचं चर्मांक हे गाव, राजमापाने ८००० भूमी, राजाने १००० ब्राह्मणांना दिलं. पण खाली टर्म्स अँड कंडिशन्स आहेत. राज्याविरुद्ध द्रोह करायचा नाही, चोरी आणि व्यभिचार करायचा नाही, लढाया करायच्या नाहीत, शेजारच्या गावांना त्रास द्यायचा नाही. यातलं काही केलं किंवा करणाऱ्याला साथ दिली तर राजा जमीन परत घेईल आणि ती चोरी समजली जाणार नाही. पंधराशे वर्षांपूर्वीचं एवढं स्वच्छ ॲग्रीमेंट वाचलं की "पूर्वीचे राजे दानशूर होते" या वाक्याकडे जरा वेगळ्या नजरेने बघावं लागतं.

तर मग प्रवरपूर कुठे? वाकाटकांचे कोरीव लेख ज्यांनी आयुष्यभर अभ्यासले आणि १९६३ साली एका खंडात एकत्र प्रसिद्ध केले, त्या म. म. वासुदेव विष्णु मिराशींचं उत्तर होतं, पवनार. नावातलं साम्य, ताम्रपटांतल्या गावांचा भूगोल आणि तिथे मिळालेली शिल्पं, असा त्यांचा आधार होता. शिल्पं कशी मिळाली याची गोष्ट छान आहे. विनोबा १९३८ साली प्रकृती सुधारायला म्हणून पवनारला, जमनालाल बजाजांच्या नदीपलीकडच्या बंगल्यात राहायला आले. तिथे शेतात खणताना दगडी शिल्पं निघायला लागली. त्यातल्या एका शिल्पात विनोबांना राम-भरताची भेट दिसली. १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात गीतेवर बोलताना त्यांनी अशाच चित्राची कल्पना मांडली होती, त्यामुळे त्यांना तो प्रसादच वाटला. मिराशींनीही ही रामायणातली दृश्यं मानली आणि प्रवरसेनाने इथे रामाचं मंदिर बांधलं असावं असं सुचवलं. आई प्रभावती रामगिरीच्या देवाची भक्त, आणि मुलाच्या नावावर 'सेतुबंध' हे प्राकृत महाकाव्य, त्यामुळे तर्क जुळतो. अर्थात शिल्पांतले प्रसंग नेमके कोणते यावर सगळ्या अभ्यासकांचं एकमत नाही. ही शिल्पं आजही आश्रमातच आहेत, भिंतीत बसवलेली. हाताच्या अंतरावर.

मग १९६७ साली नागपूर विद्यापीठातर्फे शां. भा. देव आणि म. के. ढवळीकर यांनी पवनारला उत्खनन केलं. सातवाहनांच्याही आधीपासून मध्ययुगापर्यंत वस्तीचे थर सापडले, त्यात वाकाटक काळाचाही थर. पण "हा घ्या राजवाडा" असं काही हाताला लागलं नाही. आणि इथून "मानतात" सुरू होतं.

कारण १९९०च्या दशकाच्या शेवटी रामटेकजवळ मनसरला मोठं उत्खनन सुरू झालं. तिथल्या हिडिंबा टेकडीवर विटांचं भव्य बांधकाम निघालं, आणि निघाल्या "प्रवरेश्वरस्य" अशी अक्षरं असलेल्या मुद्रा. प्रवरेश्वर म्हणजे प्रवरसेनाच्या नावाचा देव. मग प्रवरपूर मनसरच, असं काही अभ्यासकांनी म्हटलं. काही म्हणाले, देऊळ मनसरला असेल, त्यावरून राजधानी तिथेच होती असं कुठे ठरतं? वाद अजून मिटलेला नाही. मला विचाराल तर मनसरची बाजू आज जास्त भक्कम दिसते, कारण तिच्याकडे दाखवायला विटा आणि मुद्रा आहेत. पण याचा दुसरा अर्थ असाही आहे की मनसरची टेकडी मोकळी होती, म्हणून मोठ्या प्रमाणावर खणता आली. पवनारच्या पांढरीवर गाव राहतं. ज्याच्या उशाला पुरावा आहे, त्याला तुम्ही "जरा उठा, खाली राजधानी आहे का बघतो" असं कसं म्हणणार? लेगसी कोड चालू प्रॉडक्शनवर असला की हात लावता येत नाही, तसंच.

आणि इथेच खरी काळजी आहे. जे खणता येत नाही ते सुरक्षित आहे असं नाही. घराचा पाया, नळाची पाईपलाईन, रस्त्याचं रुंदीकरण, या प्रत्येक वेळी जेसीबीच्या एका फेरीत काही शतकं ट्रॉलीत भरून जाऊ शकतात. मग प्रवरपूर पवनार की मनसर, या प्रश्नाचं उत्तर "पवनार" असेल तरी ते सिद्ध करायला काहीच उरणार नाही. यात गावकऱ्यांना नावं ठेवण्यात अर्थ नाही. आपण चिचेन इत्झाचं तिकीट काढतो आणि पवनारवरून गाडी ऐंशीच्या स्पीडने काढतो. बघायला येणाऱ्याची किंमत असते, तेव्हाच जपायची किंमत कळते.

म्हणून ही एका दिवसाची ट्रिप, तिकीट न काढता. हिवाळ्यात जा. नागपूरहून सकाळी निघून आधी आश्रमात, शिल्पांपाशी. मग खाली नदीत. पात्रात जी छत्री आहे तिथे १२ फेब्रुवारी १९४८ ला गांधीजींच्या अस्थी विसर्जित केल्या. दर वर्षी त्या तारखेला इथे सर्वोदय मेळा भरतो, त्या दिवशी गेलात तर सूतकताई करणारी माणसंही भेटतील. देवाचं पाणी हे प्रकरण आपल्याकडे अजून चालूच आहे. नंतर पूल ओलांडून गावात या, चढ चढताना पायाखालची माती बघा. खापराचे तुकडे दिसले तर बघा आणि तिथेच ठेवा. खिशात घालून पुण्याला आणलेलं खापर म्हणजे नुसता कचरा. ते जागेवर असतं तोपर्यंतच पुरावा असतं.

पोहायचं काय? सेनोट्यावर लाईफ जॅकेट हातात देणारा माणूस असतो, धामेवर नसतो. नदी वरून शांत दिसते, पण खडकांमध्ये अचानक खोल खड्डे आहेत आणि वरच्या बाजूला महाकाळीचं धरण आहे. पावसाळ्यात तर पाण्याच्या जवळही जाऊ नका. बाकीच्या दिवसांत घोट्याएवढ्या पाण्यात, काळ्या खडकावर पाय सोडून बसा. दुपारी उरलेल्या वेळात सेवाग्राम होतं. आणि पुढच्या रविवारी मनसर करा, म्हणजे प्रवरपूर कुठे याबद्दल तुमचं स्वतःचं मत तयार होईल.