फुटपाथवरच्या माणसाचं ‘मूळ गाव’

आपल्या वाशिम जिल्ह्यातून दिवाळी झाली की माणसं कामासाठी बाहेर पडतात. कोणी ऊसतोडीला, कोणी पुण्या-मुंबईला बांधकामावर. शहरात जागा मिळेपर्यंत कुठं झोपायचं, हा ज्याचा त्याचा प्रश्न. आज त्याच प्रश्नाची एक जुनी गोष्ट.

13 जुलै 1981. मुख्यमंत्री अंतुले यांनी जाहीर केलं की मुंबईच्या फुटपाथवर राहणाऱ्यांना हटवायचं आणि आपापल्या मूळ गावी पाठवायचं. ऐन पावसाळ्यात!

त्यात एक मजूर होता. तमिळनाडूतल्या सेलमचा, भूमिहीन. दुष्काळामुळे 1961 मध्ये मुंबईत आलेला. दहिसरच्या रसायन कारखान्यात 23 रुपये रोजावर होता. 23 जुलैला त्याची झोपडी पाडली आणि बायको-पोरींसकट त्याला सेलमच्या बसमध्ये बसवलं. थोड्या दिवसांनी गडी एकटाच परत आला. येणारच ना! गावात काम असतं तर वीस वर्षांपूर्वी निघाला कशाला असता?

पत्रकार ओल्गा टेलिस आणि इतरांनी सर्वोच्च न्यायालयात दाद मागितली. 10 जुलै 1985 रोजी निकाल आला. सरन्यायाधीश होते आपले पुण्याचे यशवंत विष्णू चंद्रचूड. ‘जगण्याच्या हक्कात उपजीविकेचा हक्क येतो’ हे तिथं मान्य झालं, आणि ते आजही सगळीकडे सांगितलं जातं. पण निकालाचा उरलेला भाग फारसं कोणी सांगत नाही. फुटपाथवर राहण्याचा हक्क कोणालाच नाही, महापालिका झोपड्या काढू शकते, फक्त 31 ऑक्टोबरपर्यंत, म्हणजे पावसाळा सरून महिना होईपर्यंत थांबा. 1976 च्या गणनेत ओळखपत्र मिळालेल्यांना पर्यायी जागा द्या, असंही म्हटलं. म्हणजे पुन्हा कागद! मी सॉफ्टवेअरवाला, आमच्या फॉर्ममध्ये पत्त्याची चौकट रिकामी असली की पुढचं बटणच दाबलं जात नाही. हे त्याचंच जुनं रूप.

त्याच वर्षी ‘स्पार्क’ संस्थेने भायखळा भागात फुटपाथवरच्या सुमारे 6,000 कुटुंबांची नोंद केली. माणसं तिथंच का राहतात, तर काम चालत जाण्याच्या अंतरावर. बसभाडं परवडत नाही. महापालिकेची गाडी आली की बायका आधी भांडी उचलायच्या, बांबू-प्लास्टिक गेलं तर गेलं. गाडी वळली की त्याच जागी पुन्हा चूल. पुढं 1986 मध्ये याच बायकांची ‘महिला मिलन’ उभी राहिली. त्या रोजच्या कमाईतून थोडे थोडे पैसे बाजूला टाकू लागल्या, मुंबईतल्याच घरासाठी.