तळटीप : म्हापशाची सायबीण

१२. म्हापशाची सायबीण : गोव्यातील म्हापसा येथील सेंट जेरोम चर्चमधली मिलाग्रीस माता. हे चर्च १५९४ चे. लोककथेप्रमाणे ही सात देवी-बहिणींपैकी ख्रिस्ती झालेली मिराबाई, म्हणजे शिरगावच्या लइराईची बहीण. ईस्टरनंतर येणाऱ्या तिच्या फेस्ताला हिंदूही तेल घेऊन रांगेत उभे राहतात. जळकोटकडे, तुळजापूरच्या आईच्या मुलखात वाढलेल्या वाचकाला देवींचे गणगोत समजावून सांगायला नको. नवल आहे ते चर्चच्या दारात हे नाते टिकले याचे. कारण सोळाव्या शतकात याच गोव्यात देवळे पाडली गेली आणि मंगेशाला कुठ्ठाळीहून प्रियोळला हलवावे लागले. त्याच्या सुमारे हजार वर्षे आधीचे चर्चचे धोरण अधिक चतुर होते. अँग्लो-सॅक्सनांच्या मूर्ती मोडा, पण देवळे राखून तिथेच वेदी मांडा, असे पोप ग्रेगरींनी ६०१ मध्ये इंग्लंडला निघालेल्या मेलिटसला कळवले. पूर्व अँग्लियाच्या रेडवल्ड राजाने तर एकाच देवळात ख्रिस्ताची आणि जुन्या देवांची अशा दोन्ही वेद्या ठेवल्या. ७३१ मध्ये इतिहास पूर्ण करणाऱ्या बीड या मठवाशाने (आपल्या बीडशी संबंध नाही) त्यावर नाक मुरडले आहे. म्हापशाच्या रांगेतले भाविक मुरडणार नाहीत.