अंकुराची वाढ

अंकुराची वाढ : धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके यांचा संवादरहित प्रायोगिक लघुपट (१९१२). [→ फाळके, दादासाहेब].

उगम : लंडनहून कॅमेरा व चित्रपटनिर्मितीचे ज्ञान घेऊन परतल्यावर, भांडवल पुरवणाऱ्यांना या तंत्राची खात्री पटावी म्हणून फाळके यांनी तो मुंबईत तयार केला.

स्वरूप : कुंडीत पेरलेल्या वाटाण्यासमोर कॅमेरा ठेवून महिन्याहून अधिक काळ टप्प्याटप्प्याने चित्रण केले. बी रुजणे, कोंब फुटणे व वेल वाढणे ही क्रिया पडद्यावर मिनिटाभरात घडते. कथानक व नट नाहीत. [→ टाइमलॅप्स छायाचित्रण].

महत्त्व : हा लघुपट पाहून यशवंतराव नाडकर्णी यांनी कर्ज देऊ केले. पुढील वर्षी *राजा हरिश्चंद्र* (१९१३) हा फाळके यांचा पूर्ण लांबीचा कथापट प्रदर्शित झाला. [→ मूकपट].