निमित्त देवीच्या साथीचं



मागचं व्याख्यान संपल्यावर एका गृहस्थांनी मला जिन्यात गाठलं. म्हणाले, "सर, इंग्रजांनी ऑस्ट्रेलियातले आदिवासी नष्ट केले असं तुम्ही म्हणता. पण मेले ते बहुतेक रोगाने. जंतूंना काय इंग्रजांनी हुकूम दिला होता?" प्रश्न रास्त आहे. जिन्यात उभं राहून त्याला उत्तर देता येईना, म्हणून आजचा सगळा तास त्यालाच देतो. मी काही इतिहासाचा प्राध्यापक नव्हे, आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवलं. पण हा प्रश्न मुळात कारण कशाला म्हणायचं याचाच आहे, त्यामुळे थोडा अधिकार माझाही पोचतो.

आधी घडलं काय ते पाहू. १७८८ च्या जानेवारीत अकरा इंग्रज जहाजं आजच्या सिडनीच्या बंदरात आली. बरोबर सातशेच्या वर कैदी, सैनिक आणि गव्हर्नर आर्थर फिलिप. बंदराच्या दक्षिण काठावर गॅडिगल नावाची जमात राहत होती, आसपास तशाच आणखी जमाती. बायका झाडाच्या सालीच्या होड्यांतून शिंपल्याच्या गळाने मासे धरायच्या, पुरुष काठावरून भाल्याने मारायचे. पहिल्या वर्षात चकमकी झाल्या, चोऱ्या झाल्या, दोन्ही बाजूंची माणसं मेली. या लोकांची भाषा कळावी म्हणून फिलिपने ३१ डिसेंबर १७८८ रोजी एक माणूस चक्क पळवून आणवला. त्याचं नाव अराबानू.

एप्रिल १७८९ मध्ये बंदराच्या खाड्याखाड्यांतून प्रेतं दिसायला लागली. अंगावर फोड. देवी. माझ्या पिढीच्या दंडावर देवी काढल्याचा वण अजून आहे, तेव्हा या रोगाची ओळख आपल्याला निराळी करून द्यायला नको. पण एक फरक ध्यानात घ्या. ज्या समाजात देवी पिढ्यान् पिढ्या येत असतात तिथे तो लेकरांचा आजार असतो. मोठी माणसं त्यातून गेलेली असतात, ती उशाशी बसतात, पाणी पाजतात. सिडनीत आई, बाप, आजी, पोरं सगळी एकदम पडली. पाणी आणायला कुणी नाही, मासे धरायला कुणी नाही. म्हणजे रोगाने मरतील त्यांच्या जोडीला तहानेने आणि भुकेने मरणारेही आले. जे पळू शकले ते पळाले, आणि रोग आपल्याबरोबर घेऊन गेले.

एक म्हातारा आणि एक मुलगा अशा अवस्थेत इंग्रजांच्या वसाहतीत आणले गेले. म्हातारा गेला. नऊ-दहा वर्षांचा मुलगा वाचला. त्याचं नाव नानबारी, त्याला सर्जन जॉन व्हाइटने स्वतःकडे ठेवून घेतलं. बूरोंग नावाची एक मुलगीही वाचली. या मुलांची शुश्रूषा अराबानूने केली. आपले लोक कुठे गेले ते पाहायला त्याला होडीतून बंदरभर फिरवलं, तेव्हा खडकांच्या कपारी प्रेतांनी भरलेल्या त्याने पाहिल्या. बराच वेळ तो काही बोललाच नाही. मग, सगळे मेले, एवढंच म्हणाला. डेव्हिड कॉलिन्स नावाच्या अधिकाऱ्याने हे लिहून ठेवलं आहे. मे महिन्यात अराबानूही देवीनेच गेला. फिलिपने त्याला आपल्या बागेत पुरलं आणि स्वतः अंत्ययात्रेला हजर राहिला. फिलिप काही राक्षस नव्हता. मला तर हीच गोष्ट जास्त अस्वस्थ करते.

आसपासची निम्मी माणसं गेली, असं पुढे बेनेलाँग नावाच्या दुसऱ्या पकडून आणलेल्या माणसाने फिलिपला सांगितलं. गॅडिगल जमातीत तिघेच उरल्याचं कॉलिन्स लिहितो. इंग्रजांच्या वसाहतीत दगावला एकच. तोही इंग्रज नव्हे, जहाजावरचा उत्तर अमेरिकेतला एक आदिवासी खलाशी.

आता, रोग आला कुठून? इथे विद्वानांत मारामारी आहे. देवीला अंगात मुरायला बाराएक दिवस लागतात, आणि जहाजं येऊन तर पंधरा महिने झाले होते. एक मत असं, की सुलावेसी बेटावरच्या मकासारचे कोळी उत्तर किनाऱ्यावर समुद्रकाकडी गोळा करायला येत, त्यांच्याकडून रोग जमिनीमार्गे हजारो मैल खाली उतरला. दुसरं असं, की ही देवी नव्हतीच, कांजिण्या होत्या. आणि तिसरी गोष्ट म्हणजे बाटल्या. इंग्रज सर्जननी देवीच्या फोडांतला लशीचा माल बाटल्यांत भरून आणला होता. जेनरची गायीची लस अजून यायची होती, तेव्हा माणसाच्याच देवी टोचत. वॉटकिन टेंच या सैनिकी अधिकाऱ्याने आपल्या १७९३ च्या पुस्तकात या बाटल्यांचा स्वतःहून उल्लेख केला आणि त्याच दमात, ही शंका विचारातसुद्धा घेण्याजोगी नाही, असं ठरवून टाकलं. न्यायशास्त्रात घड्याच्या कारणांमध्ये कुंभार मोजतात, पण माती वाहणारं गाढव मोजत नाहीत. ते अन्यथासिद्ध. टेंचने बाटल्यांना गाढवाच्या रांगेत बसवलं. तपास मात्र केला नाही. त्याच्या आधी पंचवीसएक वर्षं, १७६३ साली, उत्तर अमेरिकेत फोर्ट पिटच्या इंग्रजांनी देवीच्या रोग्यांची पांघरुणं तिथल्या लोकांना मुद्दाम दिली होती. तेव्हा शंका अगदीच वेडगळ म्हणता येत नाही. पण पुरावा नाही, आणि पुराव्याशिवाय मी कुणाला फासावर देणार नाही.

माझं म्हणणं असं, की माझा खटला बाटल्यांवर उभाच नाही. समजा रोग मकासारहून आला. मग इंग्रज सुटले का?

मराठीत आपण म्हणतो, "साध्या तापाचं निमित्त झालं आणि गेला." म्हणजे ताप खरा, पण माणूस आधीच कशाने तरी खंगलेला होता, हे आपण त्या शब्दात मान्य करतो. देवीचं तसंच झालं. युरोपात १३४८ च्या सुमारास प्लेगने तिसरा हिस्सा, कदाचित त्याहून जास्त माणसं मारली. पण जमीन तिथेच राहिली. उरलेल्या शेतमजुरांची मजुरी वाढली, नातवंडांनी पुन्हा घरं भरली. सिडनीत उरलेल्या माणसांना परतायला जागाच नव्हती. बंदराचा काठ गेला, गोडं पाणी गेलं, मोठमोठ्या जाळ्यांनी मासे ओढून नेले जात होते. तिघे उरलेले गॅडिगल दुसऱ्या जमातीत मिसळले. साथ येते आणि जाते. इंग्रज आले ते गेले नाहीत.

दुसरा भाग माझ्या मते त्याहून गंभीर. १७६८ साली कुकला सूचना होत्या, की तिथल्या लोकांच्या संमतीने जमीन ताब्यात घ्या. संमती कुणी विचारली नाही. कुकबरोबर गेलेल्या जोसेफ बँक्सने पुढे संसदेच्या समितीला सांगितलं, की माणसं फार विरळ आहेत. लॉकचं तत्त्वज्ञान हाताशी होतंच: जो जमीन कसतो त्याची जमीन. मी लॉक पस्तीस वर्षं शिकवला, आणि हे कलम नेहमी घाईघाईने उरकलं, हे कबूल करतो. रोगाने या युक्तिवादाला मागाहून पुरावा पुरवला. १८३० च्या आसपास देवीची आणखी एक साथ आग्नेयेकडे पसरली. मिचेलसारखे संशोधक आतल्या नद्यांकाठी पोचले तेव्हा त्यांना देवीचे वण असलेली माणसं दिसली. गोऱ्या वसाहतीच्या पुढे रोग धावत होता. जो देश त्यांना मोकळा दिसला तो मोकळा झालेला होता.

आकड्यांचंही तेच. १९३० साली रॅडक्लिफ-ब्राउनने १७८८ ची सगळ्या खंडाची आदिवासी लोकसंख्या अडीच-तीन लाख धरली, आणि पन्नास वर्षं तोच आकडा चालला. १९८३ मध्ये नोएल बटलिन या अर्थशास्त्रज्ञाने साथींचा हिशेब करून मांडलं, की एकट्या आग्नेय भागातच अडीच लाख असावेत. त्याच्या गणितावर आक्षेप आहेत. पण मूळचा आकडा लहान धरला की नुकसानही आपोआप लहान होतं, हे तोवर फारसं कुणी मोजलंच नव्हतं. ती जमीन कायद्याच्या दृष्टीने कुणाची नव्हती, ही कल्पना तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने खोडली ती ३ जून १९९२ ला. खटला लढणारे एडी माबो पाच महिने आधी वारले होते.

तेव्हा जिन्यातल्या त्या गृहस्थांना, आज आले असतील तर, सांगतो: जंतूंना हुकूम कुणी दिला नाही. परंतु मेलेल्यांच्या जागी कोण बसलं, आणि उरलेल्यांना परत का येऊ दिलं नाही, याला जंतू जबाबदार नाहीत.

त्या नानबारीचं राहिलं. तो मोठा होऊन खलाशी झाला आणि १८२१ मध्ये वारला. त्याच्या इच्छेप्रमाणे त्याला बेनेलाँगच्या कबरीत पुरलं, नदीकाठी एका दारू गाळणाऱ्या गोऱ्याच्या बागेत. पुढे तिथे रस्ते झाले, प्लॉट पडले, घरं उठली आणि कबर कुठे होती तेच लोक विसरले. ती जागा या शतकात शोधून काढली, आणि २०१८ साली न्यू साउथ वेल्स सरकारने तिथलं घर विकत घेतलं.