दुर्ग परिसरातील स्मारके : मंदिर, शिळास्तंभ आणि संरक्षित भूमी

छत्तीसगढमधील दुर्ग-भिलाई परिसर पोलाद कारखान्यासाठी परिचित आहे. या औद्योगिक पट्ट्यालगत देवबलोदा येथे कलचुरी काळातील महादेव मंदिर आहे. त्याच्या भिंतींवर शिकारीची दृश्ये कोरलेली असून शेजारी पायऱ्यांचे कुंड आहे. महाशिवरात्रीला येथे यात्रा भरते. हे मंदिर भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाच्या संरक्षणाखाली आहे.

याहून प्राचीन स्मारके जुन्या दुर्ग जिल्ह्याच्या दक्षिण भागात, म्हणजे २०१२ मध्ये स्वतंत्र झालेल्या बालोद जिल्ह्यात आहेत. करकाभाट व धनोरा येथे महापाषाणयुगीन दफनस्थळे असून तेथे मृतांच्या स्मरणार्थ शिळा उभारलेल्या दिसतात. धनोरा येथे १९५६-५७ मध्ये डॉ. मो. गं. दीक्षित यांनी उत्खनन केले. नागपूरजवळील जुनापाणी येथील शिलावर्तुळेही महापाषाण परंपरेतीलच आहेत.

राष्ट्रीय महत्त्वाच्या संरक्षित स्मारकांसाठी १९५८ चा कायदा लागू आहे. २०१० च्या दुरुस्तीनुसार स्मारकाच्या हद्दीपासून १०० मीटरपर्यंत नवीन बांधकामास मनाई असून पुढील २०० मीटरचे क्षेत्र नियंत्रित असते.

मंदिराचे महत्त्व पाहताक्षणी कळते. शेतातील अनघड शिळा मात्र बांधासाठी किंवा घराच्या पायासाठी सहज उचलली जाऊ शकते. शिळा हलली की तिचा जमिनीखालील दफनाशी असलेला संबंध तुटतो आणि तो पुन्हा जुळवता येत नाही. म्हणूनच अशा ठिकाणी शिळेइतकीच तिच्याखालील भूमीही स्मारक ठरते.