हाक तशी मूर्ती

नवरात्रातली पहाट. अंबाजोगाईत योगेश्वरीच्या देवळातल्या रांगेत तुम्ही उभे आहात. पुढची आजी नातसुनेला सांगतेय, "परळीच्या वैजनाथाशी लगीन ठरलं व्हतं. मुहूर्त टळला, वऱ्हाडाचा दगड झाला. आई कुमारिकाच राहिली." घारापुरीचा अर्धनारीश्वर एका अंगात दोघांना घेऊन उभा आहे. ही जोगाई मात्र कुणाची अर्धांगी नाही, एकटीच पुरी आहे.

बाहेर पडा, हत्तीखाना लेण्यातल्या दगडी हत्तींपाशी या आणि वर्षं उलटी मोजा. शके १११०, म्हणजे इ.स. ११८८. यादवांचं राज्य. परंपरा म्हणते, इथेच कवी मुकुंदराज 'विवेकसिंधु' सांगतायत, तेही संस्कृतात नव्हे, मराठीत. ती मराठी तुम्हाला थोडी अनोळखी वाटते, तरी कळते. परब्रह्माला रूप नाही, गुण नाही. बाई की पुरुष हा प्रश्न तिथवर पोचतच नाही. श्रोते माना डोलावतात. पण रात्री पोर तापाने फणफणलं, तर या निर्गुणाला हाक कशी मारायची?

शंभरेक वर्षं पुढे सरका. पंढरपूर, नामदेवांचं घर. दळायला बसलेली जनाबाई तुमच्याच मुलखातली, गंगाखेडची. कथा सांगते की जात्याचा खुंटा धरायला विठ्ठल तिच्यासमोर बसतो, शेण्या वेचतो, तिची वेणी घालतो. असा देव तिच्या तोंडी विठाबाई होतो. राबणाऱ्या अनाथ पोरीला माय हवी होती.

आता पार मागे जा, सहाव्या शतकाच्या आसपास. औरंगाबादच्या सातव्या लेण्यात छिन्नी वाजतेय. बोधिसत्त्व अवलोकितेश्वराभोवती आग, चोर, हत्ती, बुडतं गलबत अशी आठ भयं, आणि त्यांत सापडलेली माणसं त्याचा धावा करतायत. इथे तो पुरुष आहे. पण सद्धर्मपुंडरीक सूत्र म्हणतं, जो ज्या रूपाने तरेल ते रूप तो घेईल, बाईचंही. चीनमध्ये तो ग्वानयिन झाला आणि काही शतकांत शुभ्रवस्त्रा स्त्री. मूल मागायला बायका तिच्याकडे जाऊ लागल्या.

तिथून थेट १५ एप्रिल २०१४, दिल्ली. प्रश्न आता देवाचा नाही, माणसाचा. सर्वोच्च न्यायालय सांगतंय की स्त्री, पुरुष की तृतीयपंथी, हे ज्याचं त्याने ठरवावं. त्यासाठी शस्त्रक्रियेची अट नको. पुढे २०१९च्या कायद्याने त्या ओळखीसाठी जिल्हाधिकाऱ्यांचं प्रमाणपत्र आणलं.

देवाचं रूप हाक मारणाऱ्याने ठरवलं, त्यात देवाचं काही बिघडलं नाही. माणसाचं बिघडतं. दुसऱ्यांनी ठरवलेली ओळख घेऊन त्याला शाळेत बसावं लागतं, भाड्याची खोली शोधावी लागते, दवाखान्याची रांग धरावी लागते. म्हणून देवाचा न्याय इथे उलटा लावायला हवा: आधी माणसाला विचारा, मग हाक मारा.